पार्टिशनच्या सॉफ्टवेअरची लायब्ररी फाइल वारंवार ‘सापडत नाही’ तेव्हा

हार्ड डिस्कचे पार्टिशन, म्हणजे तिचा वेगळा केलेला भाग, लहान-मोठे करण्यासाठी सॉफ्टवेअर उघडावे आणि डिस्कचा नकाशा दिसण्याऐवजी ‘अमुक डीएलएल फाइल सापडली नाही, प्रोग्रॅम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा’ असा संदेश समोर यावा, ही तक्रार नागपुरात संगणकदुरुस्तीचे काम करणाऱ्या कोणालाही नवी नाही. डीएलएल म्हणजे प्रोग्रॅमला चालताना लागणारी तयार कोडची फाइल, म्हणजेच लायब्ररी. सीताबर्डीतील दुकाने, हिंगणा मार्गावरील महाविद्यालयांच्या प्रयोगशाळा, महाल आणि इतवारीतील व्यापाऱ्यांची लहान कार्यालये अशा सगळीकडे नवे-जुने संगणक एकत्र नांदत असतात आणि या तक्रारीवर बहुधा एकच इलाज केला जातो. इंटरनेटवरून त्या नावाची फाइल उतरवून ती विंडोजच्या फोल्डरमध्ये टाकली जाते, सॉफ्टवेअर त्या दिवसापुरते चालते आणि काही दिवसांनी पुन्हा फोन येतो, “भाऊ, परवाच तर टाकली होती न फाइल, आज पुन्हा तेच म्हणून राहिलं.”

हे लेखन त्या ‘पुन्हा’साठी आहे. ती फाइल मुळात कोणाची आहे, सॉफ्टवेअर ती कोणत्या फोल्डरमध्ये शोधते आणि एकदा ठेवल्यावर ती तिथून कशामुळे नाहीशी होते किंवा निकामी होते, या तीन प्रश्नांची उत्तरे मिळेपर्यंत दुरुस्ती झाली असे समजू नये.

सुटी डीएलएल उतरवून घेऊ नये

हा इशारा सर्वच सॉफ्टवेअरला लागू आहे, परंतु पार्टिशनच्या सॉफ्टवेअरच्या बाबतीत त्याचे गांभीर्य वेगळे आहे. असे सॉफ्टवेअर ॲडमिनिस्ट्रेटरच्या अधिकाराने चालते आणि फाइल सिस्टीमला, म्हणजे फाइली मांडून ठेवणाऱ्या व्यवस्थेला, वळसा घालून थेट डिस्कच्या सेक्टरवर, म्हणजे साठवणुकीच्या सर्वांत लहान कप्प्यावर, लिहिते. जुन्या एमबीआर पद्धतीत मुख्य चार पार्टिशनांची नोंद डिस्कच्या अगदी पहिल्या ५१२ बाइटांच्या सेक्टरमध्ये असते आणि त्यातही प्रत्यक्ष टेबल केवळ ६४ बाइटांचे असते. नव्या जीपीटी पद्धतीत, ५१२ बाइटांचा सेक्टर धरल्यास, दुसऱ्या सेक्टरमध्ये हेडर, त्यापुढील ३२ सेक्टरांत १२८ पार्टिशनांपुरत्या नोंदी आणि या सगळ्याची दुसरी प्रत डिस्कच्या शेवटी ठेवलेली असते. म्हणजे पाचशे जीबी असो वा चार टीबी, कुठे काय आहे हे सांगणारा मजकूर काही किलोबाइटांचा असतो आणि तो बिघडला की मागचे सगळे जागच्या जागी असूनही संगणकाला दिसेनासे होते.

डीएलएल एकदा प्रोग्रॅममध्ये दाखल झाली की प्रोग्रॅमला असलेले सर्व अधिकार तिलाही मिळतात. अनोळखी संकेतस्थळावरून आणलेली फाइल, जिची आवृत्ती ठाऊक नाही आणि जिच्यावर कोणाची डिजिटल स्वाक्षरी नाही, अशी फाइल पार्टिशनच्या सॉफ्टवेअरला देणे म्हणजे त्या पहिल्या सेक्टरवर लिहिण्याची परवानगी एका परक्याला देणे होय. लायब्ररीअभावी न उघडलेले सॉफ्टवेअर डिस्कला कोणताही धक्का लावत नाही. भलत्याच लायब्ररीवर उघडलेले सॉफ्टवेअर लावू शकते. म्हणून ग्राहक कितीही घाईत असला तरी हा संदेश दिसताच हात आखडता घेणे योग्य ठरते, आणि दुरुस्तीला हात घालण्यापूर्वी महत्त्वाच्या फाइलींचा बॅकअप दुसऱ्या डिस्कवर घेऊन ठेवावा.

संदेश नीट वाचावा

आपल्याकडे सगळ्याच संदेशांना ‘डीएलएल एरर’ म्हणण्याची सवय आहे, पण त्यांत निदान तीन वेगळे प्रकार असतात. पहिल्यात फाइल सापडतच नाही. कधी संदेशात तिचे नाव येते, तर कधी केवळ ०एक्ससी००००१३५ असा कोड दिसतो. दुसऱ्यात फाइल सापडते पण तिची घडण जुळत नाही, आणि त्यासाठी ०एक्ससी०००००७बी हा कोड येतो. बहुतेक वेळा ६४ बिटच्या प्रोग्रॅमला ३२ बिटची फाइल किंवा त्याउलट मिळालेली असते, आणि काही वेळा फाइलच खराब झालेली असते. तिसऱ्या प्रकारात फाइल सापडते, घडणही जुळते, परंतु प्रोग्रॅमला हवे असलेले फंक्शन, म्हणजे ठरावीक काम करणारा कोडचा भाग, तिच्यात नसते. तेव्हा ‘प्रोसीजर एंट्री पॉइंट’ सापडला नाही असे विंडोज सांगते आणि त्याचा अर्थ आवृत्ती चुकीची आहे असा घ्यावा. दुसऱ्या आणि तिसऱ्या प्रकारात आणखी फाइली आणून टाकल्याने गोंधळ वाढतोच, कारण तिथे उणीव फाइलची नसते.

यानंतर फाइलच्या नावाकडे पाहावे, कारण फाइल कोणाची आहे हे नावावरून बऱ्याच अंशी कळते आणि उपचार त्यावरच ठरतो.

नावाची सुरुवात एमएसव्हीसीपी, एमएसव्हीसीआर किंवा व्हीसीरनटाइम अशी असेल, तर ती फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल या पॅकेजची, म्हणजे अनेक प्रोग्रॅमांना चालण्यासाठी लागणाऱ्या सामायिक ‘रनटाइम’ फाइलींच्या संचाची, आहे. मागे १०० असेल तर २०१० चे पॅकेज, १२० असेल तर २०१३ चे आणि १४० असेल तर २०१५ पासून पुढचे. २०१५, २०१७, २०१९ आणि २०२२ यांचे पॅकेज एकच आहे आणि नवे पॅकेज जुन्यांच्या जागी चालते, उलट चालत नाही. व्हीसीरनटाइम१४०_१ ही फाइल २०१९ च्या पिढीत आली, त्यामुळे २०१५ किंवा २०१७ चे पॅकेज असलेल्या संगणकावर ‘१४० तर आहे, मग १४०_१ का मागते’ असा प्रश्न पडतो. उत्तर साधे आहे: मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून नवे पॅकेज घ्यावे, आणि ६४ बिटच्या विंडोजवर एक्स६४ (६४ बिट) व एक्स८६ (३२ बिट) अशी दोन्ही पॅकेजे इन्स्टॉल करावीत, कारण विंडोज ६४ बिटची असली तरी सॉफ्टवेअरचा एखादा भाग ३२ बिटचा असू शकतो.

नावाची सुरुवात एपीआय-एमएस-विन-सीआरटी अशी असेल आणि संगणकावर विंडोज ७ असेल, तर युनिव्हर्सल सी रनटाइमचे केबी२९९९२२६ हे अपडेट राहून गेलेले असते. विंडोज ७ चा आधार १४ जानेवारी २०२० रोजी संपला, तरी लग्नपत्रिका आणि पावतीपुस्तके छापणाऱ्या अनेक ठिकाणी जुन्या फाँटसाठी आणि जुन्या प्रिंटरसाठी ती अजून जपलेली दिसते. अशा संगणकावर आजचे पार्टिशन सॉफ्टवेअर चालवण्याचा आग्रह न धरता, शेवटी सांगितलेल्या पर्यायी मार्गाने काम करणे अधिक सुरक्षित.

विंडोजच्या स्वतःच्या फाइलींचा गट तिसरा. डिस्क मॅनेजमेंट आणि डिस्कपार्ट ही दोन्ही साधने व्हर्च्युअल डिस्क सर्व्हिस या सेवेमार्फत काम करतात आणि त्या सेवेच्या व्हीडीएसबास, व्हीडीएसडाइन, व्हीडीएसयुटिल अशा लायब्ररी आहेत. फॉरमॅट आणि चेकडिस्क यांच्यामागे एफएमआयएफएस, यूएनटीएफएस, यूफॅट, यूलिब या लायब्ररी असतात. यांपैकी एखादीचे नाव संदेशात आले, किंवा डिस्क मॅनेजमेंट ‘व्हर्च्युअल डिस्क सर्व्हिसशी जोडणी होऊ शकली नाही’ असे सांगू लागले, तर बाहेरून काहीही आणण्याची गरज नसते. प्रथम सर्व्हिसेसच्या यादीत ‘व्हर्च्युअल डिस्क’ ही सेवा डिसेबल केलेली नाही ना ते पाहावे; तिचा प्रकार मॅन्युअल असणे स्वाभाविक आहे. सेवा ठीक असेल तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून डिझम ही आज्ञा ऑनलाइन, क्लीनअप-इमेज आणि रिस्टोअरहेल्थ या पर्यायांसह चालवावी, आणि ती पूर्ण झाल्यावरच एसएफसी ही आज्ञा स्कॅननाऊ या पर्यायासह चालवावी. एसएफसी ज्या साठ्यातून चांगली प्रत घेते तो साठा डिझम दुरुस्त करते, म्हणून क्रम महत्त्वाचा आहे. एसएफसीने काय बदलले याची नोंद विंडोजच्या लॉग्ज फोल्डरमधील सीबीएस या लॉगमध्ये राहते.

उरलेली नावे, जी वरच्या कोणत्याच गटात बसत नाहीत, ती सहसा त्या सॉफ्टवेअरच्या कंपनीने स्वतः लिहिलेली असतात आणि प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्येच असतात. त्यांना एसएफसी हात लावत नाही, रिडिस्ट्रिब्युटेबलमध्ये त्या नसतात, आणि दुसऱ्या आवृत्तीची फाइल उचलून आणणे धोक्याचे असते. जुने काढून टाकून, उरलेले फोल्डर पुसून, अधिकृत ठिकाणचा पूर्ण इन्स्टॉलर पुन्हा चालवणे हाच मार्ग. सॉफ्टवेअर क्रॅक केलेले, म्हणजे परवाना चुकवण्यासाठी बदललेले, असेल तर पुढे वाचण्यात अर्थ नाही. क्रॅकमध्ये बदलली जाते ती बहुतेक वेळा डीएलएलच, आणि तिने पार्टिशन टेबलाचे काय केले हे कोणीही सांगू शकत नाही.

फाइल असूनही ‘नाही’ असे का म्हणते

डीएलएल शोधताना विंडोज प्रथम प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये पाहते, त्यानंतर सिस्टीमच्या फोल्डरमध्ये, मग विंडोजच्या फोल्डरमध्ये, आणि अगदी शेवटी पाथ या सिस्टीमच्या यादीत नोंदवलेल्या फोल्डरांत. विंडोजच्या काही मूलभूत लायब्ररी या क्रमाला अपवाद आहेत, पण रनटाइमच्या फाइलींना तो लागू आहे. त्यामुळे प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये कोणी पूर्वी टाकलेली एमएसव्हीसीपी१४० ची जुनी प्रत पडून असेल, तर नवे रिडिस्ट्रिब्युटेबल कितीदाही इन्स्टॉल केले तरी प्रोग्रॅम जुनीच फाइल उचलतो. २०२४ मध्ये व्हिज्युअल स्टुडिओ २०२२ च्या १७.१० आवृत्तीनंतर हे ठळकपणे दिसून आले: नव्या आवृत्तीवर बांधलेले प्रोग्रॅम जुन्या एमएसव्हीसीपी१४० वर कोणताही समजण्याजोगा संदेश न देता सुरू होताक्षणी बंद पडू लागले. म्हणून पॅकेज इन्स्टॉल करूनही फरक पडत नसेल, तर पहिली नजर प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये टाकावी आणि तिथली सुटी रनटाइम फाइल तात्पुरते नाव बदलून बाजूला ठेवावी.

दुसरा घोळ फोल्डरांच्या नावांचा आहे. ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टीम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि सिसवाउ६४ या फोल्डरमध्ये ३२ बिटच्या. नावावरून नेमका उलटा समज होतो, आणि ०एक्ससी०००००७बी या कोडची कितीतरी प्रकरणे हाताने टाकलेली फाइल चुकीच्या फोल्डरात गेल्यामुळेच उद्भवतात. शिवाय ३२ बिटचा प्रोग्रॅम सिस्टीम३२ मध्ये शोधू लागला की विंडोज त्याला गुपचूप सिसवाउ६४ कडे वळवते, त्यामुळे डोळ्यांना सिस्टीम३२ मध्ये दिसणारी फाइल त्या प्रोग्रॅमच्या दृष्टीने तिथे नसतेच. रेगएसव्हीआर३२ ही आज्ञा चालवण्याचा सल्लाही पुष्कळ दिला जातो; तो केवळ स्वतःची नोंदणी करू शकणाऱ्या लायब्ररींसाठी आहे आणि रनटाइमच्या फाइलींवर त्याचा काहीही उपयोग होत नाही.

तर्क करण्यापेक्षा प्रत्यक्ष पाहणे चांगले, आणि त्यासाठी मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातील प्रोसेस मॉनिटर हे विनामूल्य साधन आहे. फिल्टरमध्ये पार्टिशन सॉफ्टवेअरच्या प्रोसेसचे नाव घालावे, पाथ डीएलएलने संपणारा असावा अशी दुसरी अट घालावी आणि मग सॉफ्टवेअर सुरू करावे. हिंगणा मार्गावरील एका महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत हे केले तेव्हा पडद्यावर ‘नेम नॉट फाउंड’ अशा ओळींचा ढीग आला आणि सोबत उभे असलेले प्रयोगशाळा साहाय्यक म्हणाले, “सर, इथे तर सगळ्याच फाइली नाहीत.” तसे नसते. विंडोज एका फोल्डरमध्ये फाइल नसली की पुढच्या फोल्डरमध्ये पाहते आणि प्रत्येक रिकाम्या हातांची एक ओळ उमटते, म्हणून एखाद्या नावापुढे तीन वेळा ‘नेम नॉट फाउंड’ येऊन चौथ्या ओळीत ‘सक्सेस’ आले तर ती फाइल निर्दोष आहे. दोषी ती, जिच्या वाट्याला शेवटपर्यंत ‘सक्सेस’ येत नाही. त्या संगणकावर अशी एकच फाइल निघाली, सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या फोल्डरमधली, आणि तिच्या नावापुढे ‘नेम नॉट फाउंड’ नव्हते, ‘ॲक्सेस डिनाइड’ होते. फाइल जागेवर होती. अँटिव्हायरसने तिला उघडू देणे बंद केले होते. संदेश मात्र ‘सापडत नाही’ असाच येत होता.

पुन्हा पुन्हा होण्याची कारणे

वारंवारतेच्या मुळाशी सर्वाधिक वेळा अँटिव्हायरसच असतो. पार्टिशनच्या लायब्ररी थेट डिस्कवर लिहितात, बूट सेक्टरला स्पर्श करतात, आणि हेच वर्तन घातक प्रोग्रॅमचेही असते, म्हणून एखाद्या अपडेटनंतर अँटिव्हायरस त्यांना संशयित ठरवून क्वारंटाइनमध्ये, म्हणजे वेगळ्या बंद जागेत, टाकतो. पुन्हा इन्स्टॉल केले की फाइल परत येते, पुढच्या स्कॅनला परत जाते. विंडोज डिफेंडर असेल तर विंडोज सिक्युरिटीमधील प्रोटेक्शन हिस्ट्री उघडून त्या तारखेच्या नोंदी पाहाव्यात. अपवादाच्या यादीत फाइल घालण्याआधी तिच्या प्रॉपर्टीजमधील डिजिटल सिग्नेचर्स हा टॅब पाहावा. स्वाक्षरी कंपनीच्या नावाची आणि वैध असेल तरच अपवाद करावा, आणि तोही त्या एका फोल्डरपुरता. संपूर्ण ड्राइव्हला अपवाद देऊन टाकणारे दुरुस्तीवाले पाहण्यात आहेत आणि त्याचा त्रास पुढे संगणकाच्या मालकाला होतो.

दुसरे कारण बूट पेनड्राइव्हचे आहे आणि त्याबद्दल फारसे बोलले जात नाही. विंडोज पीई या दुरुस्तीसाठीच्या छोट्या विंडोजवर आधारलेल्या पेनड्राइव्हवरून संगणक सुरू केला की ती ‘एक्स’ या अक्षराच्या ड्राइव्हवर, म्हणजे मेमरीत तयार केलेल्या तात्पुरत्या डिस्कवर, चालते. तिथल्या सिस्टीम३२ मध्ये टाकलेली फाइल संगणक बंद होताच नाहीशी होते, कारण पुढच्या वेळी मूळ इमेजवरून सगळे नव्याने उभे राहते. “काल चालले, आज नाही” या तक्रारीचे पेनड्राइव्हच्या बाबतीतले उत्तर एवढेच आहे. रिडिस्ट्रिब्युटेबलचा इन्स्टॉलरही इथे कामाचा नाही, कारण विंडोज पीईमध्ये एमएसआय पद्धतीचे इन्स्टॉलेशन चालत नाही. यावर टिकाऊ उपाय असा की, पूर्ण विंडोज असलेल्या आणि अधिकृत पॅकेज इन्स्टॉल केलेल्या आपल्याच संगणकावरून त्याच बिटची रनटाइम फाइल घेऊन ती पेनड्राइव्हवर प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये ठेवावी. प्रोग्रॅम आधी तिथेच पाहतो आणि पेनड्राइव्हवरचे फोल्डर पुसले जात नाही. आणखी एक मर्यादा लक्षात ठेवावी लागते. ६४ बिटच्या विंडोज पीईमध्ये ३२ बिटचे प्रोग्रॅम चालवणारी वाउ६४ ही व्यवस्थाच मायक्रोसॉफ्टने दिलेली नाही, त्यामुळे ३२ बिटचे पार्टिशन सॉफ्टवेअर तिथे कोणत्याही लायब्ररीने सुरू होणार नाही. त्याची ६४ बिटची आवृत्तीच घ्यावी लागते.

संगणक ‘साफ’ करून देणारी सॉफ्टवेअर वापरात असतील तर तीही तपासावीत. जुने रिडिस्ट्रिब्युटेबल निरुपयोगी समजून काढले जाते आणि त्यावर अवलंबून असलेला प्रोग्रॅम उघडेनासा होतो. प्रोग्रॅमच्या यादीत २००८, २०१०, २०१३ अशी अनेक वर्षांची पॅकेजे एकत्र दिसणे ही अडगळ नाही; प्रत्येकाची गरज वेगळ्या प्रोग्रॅमला असते.

चौथे कारण सर्वांत गंभीर आहे. एसएफसी एक फाइल दुरुस्त करते, पंधरवड्याने दुसरीच फाइल खराब निघते, मग तिसरी. असा क्रम सुरू झाला की सॉफ्टवेअरचा नाद सोडून डिस्क आणि मेमरीकडे वळले पाहिजे. डिस्कची स्मार्ट माहिती, म्हणजे डिस्कने स्वतःच्या प्रकृतीची ठेवलेली नोंद, दाखवणारे कोणतेही साधन घेऊन ५, १९७ आणि १९९ या क्रमांकांच्या नोंदी पाहाव्यात. ५ म्हणजे बदली दिलेले सेक्टर, १९७ म्हणजे वाचता न आल्याने ताटकळत असलेले सेक्टर, आणि १९९ म्हणजे डिस्क व बोर्ड यांच्यातील वहनात झालेल्या चुका, ज्यांचे कारण बहुधा साटा केबल असते. १९९ वाढत असेल तर केबल बदलून पाहणे स्वस्त आणि सोपे आहे. १९७ वाढत असेल तर मात्र त्या डिस्कवर पार्टिशन हलवण्याचे काम मुळीच करू नये. पार्टिशन सरकवताना त्यातील सगळा डेटा वाचून दुसरीकडे लिहावा लागतो आणि मरणपंथाला लागलेली डिस्क त्या ताणातच कोसळते. आधी डेटा दुसऱ्या डिस्कवर काढून घ्यावा. मेमरीसाठी विंडोज मेमरी डायग्नोस्टिक रात्रभर लावून ठेवावे.

यात नागपूरच्या हवेचाही वाटा आहे. मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो, कूलर आणि पंप एकाच वेळी चालू असतात, विजेचा दाब वर-खाली होतो आणि पावसाळ्याआधीच्या वादळात वीज अचानक जाते. अपडेट चालू असताना वीज गेली की अर्धवट लिहिलेल्या लायब्ररी मागे राहतात आणि दुसऱ्या दिवशी डिस्क मॅनेजमेंट उघडत नाही. पार्टिशन सरकवताना वीज गेली तर नुकसान याहून पुष्कळ मोठे होते. त्यामुळे यूपीएसची बॅटरी प्रत्यक्ष भार देऊन तपासल्याशिवाय असे काम हाती घेऊ नये, आणि शक्य तर ते सकाळी लवकर करावे.

लिनक्सवर हीच अडचण

लिनक्सवर जीपार्टेड किंवा पार्टेड ही पार्टिशनची साधने वापरताना ‘लिबपार्टेड.एसओ.२ उघडता आली नाही’ असा संदेश येतो. लिबपार्टेड ही ग्नू पार्टेड प्रकल्पाची लायब्ररी. एफडिस्कच्या मागे युटिल-लिनक्सची लिबएफडिस्क असते आणि पार्टिशन ओळखण्याचे काम लिबबीएलकेआयडी करते. एलडीडी ही आज्ञा प्रोग्रॅमच्या मार्गासह चालवली की कोणती लायब्ररी कुठून मिळते आणि कोणती मिळत नाही हे एका नजरेत दिसते.

लायब्ररीच्या नावातला शेवटचा २ हा आकडा शोभेचा नाही. प्रोग्रॅम आणि लायब्ररी यांच्यातील बांधणी बदलली की तो बदलतो, म्हणून लिबपार्टेडच्या भलत्या क्रमांकाच्या फाइलला लिंक करून ‘२’ असे नाव देण्याचा उपाय कोणी सुचवला तर तो स्वीकारू नये. प्रोग्रॅम कदाचित उघडेल, पण डिस्कविषयीची माहिती चुकीच्या मांडणीने वाचली जाण्याची शक्यता राहते, आणि त्या चुकीच्या वाचनावर पुढे लेखन होणार असते. पॅकेज व्यवस्थापकाकडून लिबपार्टेडचे पॅकेज पुन्हा इन्स्टॉल करावे. उबुंटू २४.०४ मध्ये त्या पॅकेजचे नाव लिबपार्टेड२टी६४ असे झाले आहे. २०३८ साली ३२ बिटची वेळमोजणी संपणार असल्याने केलेल्या बदलाचा तो भाग आहे, आणि आतल्या फाइलचे नाव पूर्वीचेच आहे.

वारंवारता इथेही असते आणि तिची दोन कारणे विशेष आढळतात. विद्यार्थी सरावासाठी युटिल-लिनक्स किंवा पार्टेड स्वतः कंपाइल करतात आणि त्यांच्या लायब्ररी युएसआर-लोकल-लिब या फोल्डरमध्ये जाऊन बसतात. पुढे सिस्टीमचे अपडेट झाले तरी लोडर, म्हणजे लायब्ररी शोधून प्रोग्रॅमला जोडणारा लिनक्सचा भाग, आधी तिथलीच जुनी प्रत उचलतो आणि ‘अमुक व्हर्जन सापडले नाही’ असे सांगतो. ती प्रत काढून एलडीकॉन्फिग चालवले की लोडरची यादी नव्याने बनते. दुसरे कारण लायब्ररी कुठे शोधाव्यात हे सांगणाऱ्या एलडी_लायब्ररी_पाथ या व्हेरिएबलचे आहे. ते टर्मिनलमध्ये ठरवले की साध्या वापरकर्त्याला प्रोग्रॅम चालताना दिसतो, पण पार्टिशनचे काम सुडो या ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार देणाऱ्या आज्ञेखेरीज होत नाही आणि सुडो सुरक्षेसाठी हे व्हेरिएबल गाळून टाकते. त्यामुळे तपासणीत सगळे ठीक दिसते आणि प्रत्यक्ष कामाच्या वेळी तोच संदेश परत येतो. लायब्ररी खरोखरच वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवायची असेल तर त्या फोल्डरची नोंद एलडी.एसओ.कॉन्फ.डी मध्ये करून एलडीकॉन्फिग चालवावे.

जीपार्टेडमध्ये एखाद्या फाइल सिस्टीमचा पर्याय पुसट दिसणे हा मात्र लायब्ररीचा दोष नाही. एनटीएफएससाठी एनटीएफएस-३जी आणि एक्स्ट४ साठी ई२एफएसप्रॉग्ज ही स्वतंत्र साधने लागतात आणि ती नसली की तो पर्याय बंद राहतो.

कशानेच जमले नाही तर

इन्स्टॉल केलेल्या सिस्टीमवर लायब्ररींचा गुंता सुटत नसेल, किंवा वर सांगितल्याप्रमाणे विंडोज ७ चा जुना संगणक असेल, तर जीपार्टेड लाइव्हच्या पेनड्राइव्हवरून काम करावे. त्यात प्रोग्रॅम आणि त्याच्या सर्व लायब्ररी एकाच आवृत्तीच्या, एकमेकांशी तपासलेल्या असतात आणि संगणकावरच्या विंडोजमधील एकही डीएलएल त्यात वापरली जात नाही. विंडोज १० किंवा ११ असेल तर त्याआधी फास्ट स्टार्टअप बंद करून संगणक पूर्ण शटडाउन करावा, अन्यथा एनटीएफएस पार्टिशन अर्धवट झोपेच्या अवस्थेत राहते आणि त्याचा आकार बदलता येत नाही. बिटलॉकर, म्हणजे विंडोजचे डिस्क कुलूपबंद करणारे कूटबद्धीकरण, चालू असल्यास त्याची रिकव्हरी की आधी लिहून घ्यावी.

दुरुस्तीनंतर सॉफ्टवेअर उघडले की लगेच ‘अप्लाय’ दाबू नये. प्रथम त्यात दिसणारी पार्टिशने डिस्क मॅनेजमेंट किंवा डिस्कपार्टमध्ये दिसणाऱ्या पार्टिशनांशी ताडून पाहावीत: संख्या, क्रम, प्रत्येकाचा आकार, आणि ईएफआय व रिकव्हरीसारखी लहान पार्टिशनेही. सुरुवातीचा सेक्टर दाखवण्याची सोय असेल तर तोही पाहावा. आजच्या पद्धतीने केलेल्या डिस्कवर ५१२ बाइटांच्या हिशेबाने पहिले पार्टिशन बहुधा २०४८ व्या सेक्टरपासून सुरू होते. दोन्हीकडचे आकडे जुळत नसतील, तर त्या सॉफ्टवेअरने त्या डिस्कवर काहीही लिहू देऊ नये आणि लायब्ररीची तपासणी प्रोसेस मॉनिटरपासून पुन्हा सुरू करावी.